इसाककडची बांगडी फुटत न्हाई

बीडच्या पेठेत जाऊन इसाक मनियार कुठं राहतो असं विचारा. लोक घर नंतर दाखवतील, आधी हसतील. "कोन, त्यो न फुटणाऱ्या बांगड्यांचा?" म्हणतील आणि मग गल्लीकडं हात करतील.

माणूस तसा किरकोळच. मेंदीनं लाल केलेली दाढी, डोक्याला जाळीची टोपी, अंगात खिसेच खिसे असलेलं जाकीट. बोटं मात्र लोण्याची. ज्या हातात बांगडी जाणारच नाही असं घरच्यांनी ठरवून टाकलेलं असायचं, त्या हातात इसाक गप्पा मारता मारता डझनभर चढवून मोकळा व्हायचा आणि बाईला पत्ताही लागायचा नाही. पण एवढ्यावर थांबला तर तो इसाक कसला? शेवटची बांगडी चढली की त्याचं ठरलेलं बोलणं सुरू. "बाई, बापजाद्याचा धंदा हाय. पालीपासून माजलगावपर्यंत कुनालाबी इचारा. इसाककडची बांगडी फुटत न्हाई. ना गाडीत, ना हातात. आजवर एक न्हाई!" हे तो इतक्या गंभीर चेहऱ्यानं सांगायचा की ऐकणारीनं मान डोलावण्यावाचून दुसरं काही उरायचंच नाही.

आता तुम्ही म्हणाल, काचेची वस्तू, फुटली तर फुटली, त्यात एवढं काय? असं म्हणत असाल तर तुम्ही कधी चुडा भरायच्या वेळी बायकांत बसलेला नाहीत. लग्नाच्या आदल्या दिवशी भावकीतल्या बाया जमलेल्या असतात, नवरी पाटावर बसलेली असते, मनियार पेटी उघडतो आणि वरच हिरव्या बांगडीचे दोन तुकडे! 'फुटली' असं कुणी तोंडानं म्हणत नाही, 'वाढली' म्हणतात, पण मनात जे व्हायचं ते होतंच. नवरीच्या आईचा घास मग घशाखाली उतरत नाही. म्हणून तर लोक गावातली दुकानं सोडून इसाकला फोन लावायचे. आपल्या लेकीच्या पेटीत तुकडा निघायला नको, एवढंच त्यांचं मागणं. इसाकची सगळी भाकरी त्या एका मागण्यावर चालायची.

त्याची गाडी म्हणजे मागून बंद असलेला छोटा टेम्पो. तिचं नाव शहजादी. रंग मूळचा पांढरा, पण एक दार निळं बसवलेलं, एक पिवळं, त्यामुळं शहजादी नेमकी कुठल्या मुलखाची ते सांगणं अवघड. इसाक तिला रोज सकाळी पुसायचा. "मला पयलीला कधी इतक्या मायेनं हात लावला न्हाई," असं त्याची बायको नसीम शेजारणींना ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणायची.

तर बांगड्यांच्या पेट्यांचं असं असतं, की त्या जागा खातात पण वजन काही नसतं. रिकामा टेम्पो खड्ड्यातून नुसता उड्या मारतो, आणि आपल्याकडच्या रस्त्यांचं काय वर्णन करावं! म्हणून इसाकनं शहजादीच्या पोटात वीतभर वाळू अंथरली होती. वाळूवर पोती, पोत्यांवर गोधडी आणि गोधडीवर पेट्या. गाडी जड झाली, उड्या कमी झाल्या. उन्हाळ्यात त्या वाळूवर दोन घागरी पाणी मारलं की आत गारवा राहायचा, लाखेच्या बांगड्या मऊ पडायच्या नाहीत. युक्ती त्याच्या बापाची. बाप बैलगाडीतून फिरायचा, तोही वाळू अंथरूनच.

आणि आता तुम्हाला म्हणून सांगतो, बाहेर बोलू नका. बांगड्या फुटायच्या. वाळू असली तरी फुटायच्या, अहो काच आहे ती! इसाक गावाच्या अलीकडं एखाद्या बाभळीखाली गाडी उभी करायचा, पेट्या उघडून तुकडे वेचायचा आणि ते वाळूत खोल पुरून टाकायचा. रस्त्यावर कसे टाकणार? अनवाणी माणसाच्या पायात जायचे. शिवाय बापानं बजावलेलं, सवाष्णीच्या हातची वस्तू पायदळी टाकायची नाही. वरून तो मूठमूठ वाळू पसरायचा, हात झटकायचा आणि गावात शिरून म्हणायचा, एक न्हाई! हातात चढवताना एखादी गेलीच, तर ती म्हणे कारखान्यातूनच तडकून आलेली असायची. हे गुपित दोघांनाच ठाऊक, एक इसाकला आणि दुसरं नसीमला. आणि नसीमच्या पोटात गुपित राहतं ही इसाकची दुसरी मोठी समजूत होती.

परवाच्या वैशाखात इसाक छबुबाईच्या नातीचा चुडा भरायला निघाला होता. छबुबाई म्हणजे सिंदफणेच्या पलीकडच्या गावातली मातब्बर बाई. चांगली जमीन, घरात दोन ट्रॅक्टर, आणि जिभेपुढं भल्याभल्यांनी मान खाली घालावी अशी. तिच्या तिन्ही लेकींचे चुडे इसाकनंच भरलेले, सून वनमाला घरात आली तेव्हाचाही त्यानंच भरलेला. गावोगावच्या सोयऱ्यांत इसाकची कीर्ती पसरवली ती मुख्यतः या बाईनं. आता वनमालाच्या लेकीचं लग्न उद्यावर आलेलं.

पुलाच्या अलीकडं महसूलचं पथक उभं होतं. थोड्याच वेळापूर्वी वाळूचे दोन ट्रॅक्टर त्यांच्या नाकासमोरून उसाच्या फडात घुसून पसार झाले होते आणि जाताना एका ड्रायव्हरनं हातही हलवला होता म्हणे. त्यामुळं पथकाचा पुढारी रामेश्वर आतून धुमसत होता. रामेश्वर त्या भागाचा तलाठी. सरकारनं या हुद्द्याचं नाव बदलून आता ग्राम महसूल अधिकारी केलंय, पण गावानं ते अजून मनावर घेतलेलं नाही.

इसाकला कुणी थांबवलंही नव्हतं बरं! उन्हात उभी असलेली माणसं बघून यानं आपण होऊन ब्रेक दाबला आणि खिडकीतून मान काढून म्हणाला, "साहेब, पानी पिता का? गार हाय."

पथक पाणी प्यालं. रामेश्वरानं तोंड पुसलं आणि त्याची नजर खाली गेली. शहजादीच्या बुडातून टप टप पाणी गळत होतं.

"चाचा, गाडीतून पानी कावून गळतंय?"

इथं एखाद्या शहाण्या माणसानं इंजिनाचं निमित्त सांगितलं असतं. पण इसाकला कुणी त्याच्या गाडीबद्दल विचारलं की राहवतंय होय! "वाळू भिजवलीय ना, साहेब," तो कौतुकानं म्हणाला, "लई गार ऱ्हाती."

'वाळू' म्हटल्याबरोबर पथकातले सगळे सावरून उभे राहिले. रामेश्वरानं मागचं दार उघडलं, दोन पेट्या बाजूला सारल्या, गोधडी उचलली, पोतं उचललं. खाली वाळूच वाळू, ओली, सारखी केलेली, आत्ताच नदीतून काढल्यासारखी.

"आता काय म्हनता, चाचा?"

"आता म्हनायचं काय, साहेब? त्याच्यावर बांगड्या बसत्यात."

"बसू द्या. चला तहसीलीत."

अशी शहजादी जप्त झाली. जे पळाले ते फडात बसून विड्या ओढत असतील आणि ज्यानं थांबून पाणी पाजलं त्याच्या गाडीत पथकातला एक जण पाय पसरून बसला. याला काय म्हणायचं ते तुम्हीच म्हणा. मी बोललो तर तोंडातून वाईट निघेल.

तहसीलच्या आवारात जप्त केलेल्या गाड्यांची जत्राच भरलेली होती. राक्षसासारखे टिपर, चाकं बसलेले ट्रॅक्टर, गवत उगवलेल्या ट्रॉल्या. काही गाड्यांत कोंबड्यांनी बिऱ्हाड केलेलं. त्यांच्यामध्ये शहजादीला उभं केलं. लगीनसराईचा ऐन महिना. गाडी इथं अडकली तर पुढच्या सगळ्या तारखा गेल्या, आणि एकदा या आवारात आलेली गाडी बाहेर पडते कधी हे त्या गवतावरून दिसतच होतं. खिडकीची काच खाली करून त्यानं वनमालाला फोन लावला. "ताई, जरा उशीर व्हतोय. गाडी तहसीलीत हाय, वाळूच्या भानगडीत. येतो, काळजी करू नका." आणि ताक मागवून बसलेल्या नायब तहसीलदारांपुढं जाऊन उभा राहिला.

नायब तहसीलदार सायलीमॅडम नव्यानंच आलेल्या होत्या. वय कमी, नजर कडक, आणि दिवसभर वाळूवाल्यांच्या थापा ऐकून कान किटलेले.

"काका, गाडीत वाळू आहे की नाही?"

"हाय."

"पावती?"

"न्हाई."

"आणली कुठून?"

"नदीतून. दरसाल दिवाळीला दोन टोपली टाकतो वरून."

मॅडमनी रामेश्वराकडं बघितलं. इतका सरळ आरोपी त्यांना पहिल्यांदाच भेटत होता.

"पण मॅडम, ती इकायची न्हाई. बांगड्यांची गादी हाय ती. काच दचकती खड्ड्यानं, म्हनून."

"काच दचकते," मॅडम म्हणाल्या. "काल एकानं सांगितलं, ट्रॉलीभर वाळू मांजरासाठी नेतोय. हे बघा, काका, दोन मार्ग आहेत. एक, वाळू बेकायदा आणली असं कबूल करून सही करा, दंड भरा, मी फाईल लगेच पुढं पाठवते. दुसरा, तुम्ही म्हणता तसं असेल तर गाडी रिकामी करू, वाळू खाली ओतून बघू, मोजू. बांधकामाची नाही असं दिसलं तर पंचनामा बदलून आत्ता सोडते."

"ओतून म्हंजी? सगळी?"

"सगळी."

इसाकच्या दाढीखालचा रंग उडाला. तो बाहेर आला आणि लिंबाखाली उभा राहून नसीमला फोन लावला. घरात ती दोघं दखनीत बोलायची, आणि नसीमची दखनी फोनवर तर आणखीच धारदार व्हायची. सगळं ऐकून ती एवढंच म्हणाली, "ओता ना मग! तुकडे दिसतील तर दिसतील. त्या तलाठ्याला काय तुमच्याकडून चुडा भरायचाय?"

इसाक चमकला. खरंच की! इथं आहे कोण? एक मॅडम, एक तलाठी, चार कोंबड्या. त्यांना इसाकच्या कीर्तीशी काय देणंघेणं? दहा मिनिटांत वाळू ओतायची, तुकडे दाखवायचे, गाडी सोडवायची आणि संध्याकाळच्या आत छबुबाईच्या अंगणात उभं राहून म्हणायचं, एक न्हाई! बायको बोलते ते कधी कधी शहाणपणाचं असतं हे त्याला मान्यच करावं लागलं. तो आत गेला, "ओता" म्हणाला, मॅडम बाहेर आल्या, रामेश्वरानं कुठूनसं फावडं पैदा केलं. पेट्या उतरवून लिंबाखाली सावलीत ठेवल्या. फावडं वर उचललं जाणार, एवढ्यात फाटकातून ट्रॅक्टर आत आला.

ट्रॉलीत बायाच बाया. नव्या साड्या, डोक्यावर पदर, कुणाच्या कडेवर पोर, आणि मधे हळद लागायची राहिलेली नवरी. सगळ्यांच्या पुढं, ट्रॉलीच्या फळीला धरून, छबुबाई उभी.

"इसाक!" तिची हाक पार रेकॉर्डरूमपर्यंत गेली असेल. "कोन म्हनतंय रे तुला वाळूचोर?"

वनमालाला तो फोन करायची बुद्धी आपल्याला कुठून झाली, असं इसाकला वाटलं. ती मागं बसून मान खाली घालून होती. सासूनं फोन हिसकावून ऐकला असणार हे उघडच दिसत होतं.

छबुबाई उतरली ती थेट मॅडमपुढं. "बाई, तुमी सायेब असाल, पन ऐका माझं. ह्याच्या गाडीतली वाळू मी माझ्या थोरलीच्या लग्नापास्नं बगती. त्या वाळूवर बांगड्या ऱ्हात्यात म्हनून ह्याच्याकडची बांगडी फुटत न्हाई. माझ्या तीन लेकी झाल्या, सून झाली, भाच्या झाल्या, कुनाच्या पेटीत तुकडा म्हनून निघाला न्हाई. माजलगावच्या सोयऱ्यांना मी ह्याच्या नावाची हमी दिलीया. इचारा, गं बायांनो, खोटं बोलती का मी?"

"न्हाई, न्हाई," बाया एका सुरात म्हणाल्या.

अशी साक्ष मिळाली तर कुणीही आनंदानं नाचेल. इसाकला मात्र जमीन दुभंगली तर बरं असं वाटायला लागलं. फावडं शहजादीच्या तोंडाशी. एकदा वाळू खाली आली की मागच्या सगळ्या लग्नांचा हिशोब या बाईच्या पायापाशी पडणार होता, आणि तोही लग्नाच्या आदल्या दिवशी, नवरीच्या देखत. हमी दिलेल्या बाईचं तोंड सोयऱ्यांत कसं दिसणार? आणि तिनं पाठ फिरवली तर बाकीची गावं त्याला कशाला बोलावतील?

तो पुढं झाला आणि रामेश्वराचा हात धरला. "नका ओतू, साहेब. मॅडम, कबूल हाय मला. वाळू चोरून आनली. आना कागद, सही करतो. दंड भरतो."

मॅडमनी डोळे बारीक केले. "आत्ता तर निर्दोष होतात. एकदम काय झालं?"

"काय न्हाई. लाज वाटली."

"वाळूखाली काय आहे?"

"काय न्हाई, मॅडम!"

"मॅडम," रामेश्वर पुढं होऊन हळूच म्हणाला, पण ते सगळ्यांना ऐकू गेलं, "गांजा तर नसंल?"

"ए बाबा, तोंड सांभाळून बोल!" छबुबाई कडाडली. मग ती इसाककडं वळली. आवाज खाली आणला, आणि तिचा खालचा आवाज वरच्यापेक्षा जास्त लागायचा. "हे बग इसाक. दंडाचं आमी बगू. पन तू सही केलीस तर तू चोर ठरतूस. माझी नात उद्या सासरी जायची, तिच्या हातात चोराच्या हातचा चुडा घालू का मी? तू चोरी केली आसंल तर कर सही. न्हाई तर कागदाला हात लावू नको."

कागद आला होता. पेनही आलं होतं. इसाकनं पेन हातात घेतलं आणि तसाच उभा राहिला. बापडा काय करणार? एका बाजूला चोर ठरायचं, दुसऱ्या बाजूला खोटारडा. चोर म्हणून सही केली तर निदान फुशारकी तरी राहत होती, पण ज्या वाळूवर बापानं जन्मभर इमानानं बांगड्या वाहिल्या ती चोरीची ठरत होती. त्याला बापाचा राग आला, वाळूचा आला, नसीमचा तर विनाकारणच आला, आणि शेवटी सगळ्यांत जास्त स्वतःच्या तोंडाचा आला. कुणी सांगितलं होतं 'एक न्हाई' म्हणायला? 'कमी फुटत्यात' म्हटलं असतं तर काय जीभ झडली असती?

त्यानं पेन रामेश्वराच्या खिशाला अडकवलं, त्याच्या हातातलं फावडं घेतलं आणि शहजादीत चढला.

पहिलं फावडं पडलं ती नुसती वाळू. दुसरंही वाळूच. तिसऱ्यापासून खाली ऊन चमकायला लागलं. हिरवे तुकडे, लाल तुकडे, सोनेरी ठिपक्यांचे, मोरपंखी, चुरा झालेली लाख, आरशाच्या टिकल्या. इसाक मान वर न करता उपसत होता आणि ढीग वाढत होता. पुढं पुढं तर वाळू कमी आणि काचच जास्त. शेवटचं फावडं मारून तो खाली उतरला, ढिगापलीकडं उभा राहिला आणि कुणाकडंही न बघता म्हणाला, "आक्का, फुटत्यात. पयल्यापास्नं फुटत्यात."

रामेश्वरानं वाकून एक मूठ घेतली आणि हाय हाय करत लगेच झटकली. बोटातून रक्त आलं होतं. मॅडम ढिगाकडं बघत राहिल्या, मग त्यांना हसू आवरेना. पदवी, परीक्षा, हुद्दा, सगळं विसरून त्या पोट धरून हसल्या. "ही वाळू कोण विकत घेईल हो? हिनं गिलावा केला तर भिंतीला टेकायची सोय नाही! रामेश्वर, बोट धुऊन या आणि नवा पंचनामा लिहा. बांधकामास निरुपयोगी. गाडी सोडा." मग जरा सावरून म्हणाल्या, "काका, वाळू मात्र इथंच राहील. आणि पुढच्या वेळी नदीतून टोपलंसुद्धा आणायचं नाही. भुसा घाला, काहीही घाला."

म्हणजे शहजादी सुटली. एवढ्यासाठी सकाळपासून जीव टांगणीला लागलेला, आणि आता सुटली तर इसाकला तिच्याकडं बघायचंही सुचेना. तो छबुबाईकडं बघत होता.

छबुबाई ढिगाजवळ आली. चपलेनं वाळू सारली. पदराचं टोक बोटांना गुंडाळून एक एक तुकडा उचलून बघायला लागली. "ह्यो तर थोरलीच्या वक्ताचा," ती म्हणाली. "असलं नक्षीकाम आता येत न्हाई." दुसरा उचलला. "ह्यो वनमाला आली तवाचा." वनमालानं वाकून बघितलं आणि मान हलवली. तिसरा तुकडा हातात घेतला, आणि मग छबुबाई जी सुरू झाली ती विचारू नका. "मुडद्या! इतकी वर्सं! मी लोकांपुढं छाती ठोकून सांगती, आमचा इसाक असा नि आमचा इसाक तसा, आन तू झाडाखाली बसून हे पुरीत व्हतास? तुला काय वाटलं, आमी येड्या हाय? काच फुटती एवढं कळत न्हाई व्हय बायकांना?"

"कळतं, आक्का."

"मंग कावून लपवलंस?"

इसाकच्या डोळ्यांत पाणी आलं. "तुमी पेटी उघडताना जे तोंड करता ना, आक्का, ते बगवत न्हाई. एकदा बगितलं व्हतं, बापासंगं असताना. त्या पोरीची आई रडायला लागली. मला वाटलं, माझ्याकडून कुनाचं असं व्हायला नको."

छबुबाईनं हातातला तुकडा ढिगावर ठेवला, टाकला नाही. पदर झटकला, वळली आणि ट्रॅक्टरकडं चालायला लागली. इसाकनं डोळे मिटले. गेली, त्याला वाटलं, आणि आता तिच्यामागं सगळी गावं जाणार. पण छबुबाई ट्रॉलीजवळ पोचली, आतली सतरंजी ओढून काढली, लिंबाखाली पेट्यांशेजारी अंथरली आणि नातीला हाताला धरून वर बसवलं.

"आता तितं उबा कावून ऱ्हायलास?" ती ओरडली. "चुडा कोन भरनार, तलाठी?"

मग तहसीलच्या आवारात, टिपर आणि कोंबड्यांच्या साक्षीनं, चुडा भरला गेला. हळदीकुंकवाचं ताट वनमालानं ट्रॉलीतून आणलंच होतं, ते पेटीला वाहिलं. नवरीच्या हातात हिरव्या बांगड्या एकीमागून एक चढल्या, सगळ्या सुखरूप, आणि बायांनी सुटकेचा निःश्वास टाकला. कारकून खिडक्यांत जमले. रामेश्वर बोटाला चिंधी बांधून आला आणि बायकोसाठी डझनभर मागितल्या, पण मापच सांगता येईना. लग्नाला किती वर्षं झाली असं एका बाईनं विचारल्यावर तो गाडीची चावी आणायच्या निमित्तानं सटकला. मॅडम दारातून बघत होत्या. इसाकनं पेटी पुढं केली तर म्हणाल्या, "आज नको, काका. लाच होईल. एखाद्या बाजारात भेटू."

सगळ्यांचं झालं आणि शेवटी छबुबाई समोर बसली. जन्मभर खुरपं धरलेला हात, राठ, बोटांची पेरं जाड. इसाकनं तो हातात घेतला, दाबून मऊ केला, अंगठा आत दुमडला आणि बांगडी सरकवली. बोटांवरून गेली, पेरावरून गेली, आणि हाडापाशी टिच् झालं.

नवरीनं आजीकडं बघितलं. कारखान्याचं नाव घेता आलं असतं. इसाकच्या ते ओठावर आलंही होतं, सवयच ती. त्यानं दोन्ही तुकडे तळहातावर घेतले आणि सगळ्यांना दिसतील असे पुढं धरले.

"वाढली, आक्का. माझ्या हातनं."

छबुबाईनं तुकड्यांकडं बघितलं, मागच्या भल्या मोठ्या ढिगाकडं बघितलं, आणि बायांकडं वळून एकदम गंभीर चेहऱ्यानं म्हणाली, "ऐकलं का गं? इसाककडची बांगडी आज पयल्यांदा वाढली."

काय हसल्या बाया! नवरी हसली, वनमाला तोंडाला पदर लावून हसली, खिडकीतले कारकून हसले. इसाकही हसायला गेला, पण त्याला हुंदकाच आला, आणि डोळे पुसता पुसताच त्यानं दुसरी बांगडी सरकवली. हाडापाशी पुन्हा टिच्.

"दोन," छबुबाई म्हणाली. "घाल पुढची. आजपास्नं मोजती बरं का मी."